लंडनच्या जुन्या पबांची संध्याकाळची टूर: माळकरी नवऱ्याला बरोबर न्यावं का?

कडक_भाकरी

नमस्कार मंडळी, एक विचारायचं होतं. इथली बरीच जण परदेशात राहून आलीत म्हणून इथंच विचारते.

जूनमध्ये आम्ही दोघं लंडनला लेकीकडं चाललोय. तिनं सगळा प्रोग्रॅम आधीच बसवून ठेवलाय, राजवाडा, म्युझियम, नदीतली बोट, ते सगळं ठीक आहे, पण त्यात एका संध्याकाळी तिनं 'हिस्टॉरिक पब वॉक' बुक केलंय. गाईड बरोबर असतो, फ्लीट स्ट्रीट आणि हॉलबर्नच्या बाजूचे चार-पाच जुने पब चालत चालत बघायचे, प्रत्येक ठिकाणी थोडं थांबायचं, ज्याला प्यायचंय त्यानं आपापल्या पैशानं प्यायचं आणि गाईड त्या जागेचा इतिहास सांगणार. सातला सुरू होतं, साडेनऊपर्यंत संपतं म्हणे.

अडचण अशी की आमचे हे माळकरी. आषाढीला दिंडीत पायी जाणारच, संध्याकाळचा हरिपाठ चुकत नाही, आणि रस्त्यात दारूचं दुकान लागलं तर पलीकडच्या बाजूनं चालणारा माणूस. मी बँकेत नोकरी केली, मी पण पीत नाही, पण समोर कुणी घेत बसलं तर मला त्याचं काही वाटत नाही. आणि मला इतिहासाची भारी आवड आहे, घरी पाहुणे आले की सोलापूरचा किल्ला, सिद्धेश्वर, इंद्रभुवन मीच फिरवून आणते, त्यामुळं ही टूर मला मनापासून करायचीय. ह्यांचं म्हणणं तुम्ही मायलेकी जावा, मी बाहेर बाकड्यावर बसतो. आता परक्या गावात त्यांना अडीच तास बाकड्यावर बसवून मी आत इतिहास ऐकायचा, ते माझ्याच्यानं होणार नाही.

लेक म्हणते आई तिकडचा पब आपल्याकडच्या परमिट रूमसारखा नसतो, म्हातारी माणसं येतात, लोक कुत्री घेऊन येतात, लहान पोरं आईबापाबरोबर जेवतात. पण ती आत्ता कुठं तेवीस वर्षांची, तिला सगळंच सोपं वाटतं.

तर न पिणारा माणूस आत जाऊन नुसता बसला तर चालतं का, कुणी काही बोलतं का? गाईड न घेता आपलं आपण फिरलं तर काय बिघडतं? आणि त्यात खरंच बघण्यासारखं असतं की नुसती नावाला जुनी असतात? माझा एक गुडघा दुखतो, तेही धरून सांगा.

सातरस्ता_पब्लिक

जावा की काकू बिनधास्त, काय एवढं विचारायलाव. माझा भाऊ हाय तिकडं, तो पबात जाऊन नुसती कॉफी घेऊन बसतो, कोण विचारत नाही. काकांना बाहेर बसवू नका तेवढं, जूनमध्ये पण रात्री लई गार वारं सुटतंय तिकडं, स्वेटर न्या दोघांचे.

होटगीरोड_ते_हॉलबर्न

काकू, मी बरीच वर्षं हॉलबर्नला ऑफिसात होतो, आता परत सोलापुरात असतो, पण तो सगळा भाग पायाखालचा आहे म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आधी न पिण्याचं. तिकडं वेटर येऊन डोक्यावर उभा राहत नाही. आपण काउंटरवर जायचं, काय पाहिजे ते सांगायचं, तिथंच पैसे द्यायचे आणि ग्लास उचलून जागा मिळेल तिथं बसायचं. टीप ठेवायची पद्धत नाही. काकांसाठी 'लाइम अँड सोडा' मागा, कुठल्याही पबात मिळतो आणि स्वस्त असतो. बिअरचा पाइंट मध्य लंडनमध्ये सहा-सात पाउंडांना पडतो, त्या मानानं हे काहीच नाही. कुणाच्या ग्लासात काय आहे हे कुणी बघत नाही. पण काहीच न घेता टेबल अडवून बसणं बरं दिसत नाही, ग्रुपबरोबर असलात तरी एखादा सोडा घ्यावा. लेकीला पासपोर्ट जवळ ठेवायला सांगा, कायद्यानं वय १८ असलं तरी पंचविशीच्या आतला दिसला की ओळखपत्र मागतात.

आता बघण्यासारखं काय. फ्लीट स्ट्रीटची टूर म्हणजे चेशायर चीज असणारच. मोठ्या रस्त्यावरून त्याचं दार दिसतच नाही, बाजूच्या अरुंद बोळात शिरावं लागतं. दाराजवळ एक पाटी आहे, त्यावर हा पब बांधल्यापासून गादीवर आलेल्या राजा-राण्यांची नावं एकाखाली एक लिहिलीत. ती पाटी शांतपणे वाचा. १६६६ च्या सप्टेंबरात लंडन चार दिवस जळत होतं, १३,००० च्या वर घरं आणि ८७ चर्च गेली, तिथला आधीचा पबही त्यातच गेला आणि आत्ताचा १६६७ मध्ये उभा राहिला. महाराज आग्र्याहून निसटले ते त्याच वर्षी ऑगस्टात, म्हणजे आगीच्या जेमतेम आधी. मला तिथं उभं राहून हे पहिल्यांदा सुचलं तेव्हा अंगावर काटा आला होता, कारण शाळेत आपण दोन्ही सनावळ्या वेगवेगळ्या पुस्तकांत पाठ केलेल्या असतात.

आत शिरलं की डोळ्यांना काही दिसत नाही थोडा वेळ. भिंतींना लाकूड, ते धुरानं काळं झालेलं, छत बुटकं, जमिनीवर लाकडाचा भुसा टाकलेला, एका बाजूला शेकोटी. आतल्या छोट्या बारच्या दारावर अजून जुनी पाटी आहे, इथं फक्त पुरुषांनाच मिळेल अशा अर्थाची. आता अर्थातच सगळ्यांना देतात. ही पाटी नुसता फोटो काढायला म्हणून बघू नका, कारण त्याच फ्लीट स्ट्रीटवर एल व्हिनो नावाचा वाइन बार होता, तिथं बायकांना काउंटरशी उभं राहून ऑर्डर देऊ देत नसत, मागच्या खोलीत बसायचं आणि तिथं आणून देणार. वकील, पत्रकार सगळे काउंटरशीच जमायचे, बातमी तिथंच फुटायची, आणि पत्रकार बाई मात्र मागच्या खोलीत. शेवटी एक वकील बाई आणि एक पत्रकार बाई कोर्टात गेल्या आणि १९८२ मध्ये अपील कोर्टानं तो नियम बेकायदा ठरवला. १९८२ म्हणजे तुम्ही बँकेत लागलात त्याच्या आसपासचीच गोष्ट असेल. चांगला गाईड हे सांगतोच, नाही सांगितलं तर तुम्ही विचारा.

दुसरं, हॉलबर्नचा प्रिन्सेस लुईस. इथं आत गेलात की फॅमिली रूम आठवेल. आपल्याकडं परमिट रूममध्ये कसे लाकडाचे कप्पे करून पडदे लावलेले असतात, तसे तिथं काउंटरभोवती कोरीव काचांच्या पार्टिशनचे छोटे छोटे कप्पे आहेत, व्हिक्टोरियाच्या काळातल्या पद्धतीचे. कारण पण तेच, कोण कोणाबरोबर बसलाय ते दुसऱ्याला दिसू नये, आणि मजूर एका दारानं, साहेब दुसऱ्या दारानं. साहेबाच्या कप्प्यात तीच बिअर थोडी महाग. जवळच लॅम्ब नावाचा पब आहे, तिथं तर काउंटरवर डोक्याच्या उंचीला काचेच्या छोट्या फिरत्या खिडक्या लावल्यात, म्हणजे ग्लास भरणाऱ्यालाही गिऱ्हाइकाचं तोंड दिसू नये. ऑर्डर देताना खिडकी फिरवायची, झालं की परत बंद. हात लावून फिरवून बघा, अजून फिरतात. एवढ्याशा काचेवरून तिथली वर्गव्यवस्था कळते, त्यासाठी मी कितीही वेळा तिथं जाईन.

चेशायर चीज आणि प्रिन्सेस लुईस दोन्ही यॉर्कशायरच्या एकाच जुन्या ब्रुअरीचे आहेत, त्यांच्याकडं गाणी नाहीत, टीव्ही नाही आणि आत मोबाईल वापरायला मनाई आहे. त्यामुळं काकांना वाटतो तसला गोंगाट तिथं नसतो, असते ती नुसती बोलण्याची आवाजी. फोटो मात्र विचारूनच काढा.

गाईड पाहिजे का, तर माझ्या मते पाहिजे. एकट्यानं गेलात तर अंधारी लाकडी खोली दिसेल आणि बाहेर याल. गुडघ्याचं म्हणाल तर चालणं सगळं मिळून दोन-तीन किलोमीटर, तेही थांबत थांबत. फक्त चेशायर चीजमध्ये तळघरात उतरू नका, जिना उभा आणि अरुंद आहे. खालच्या कमानी तेराव्या शतकातल्या मठाच्या म्हणून सांगतात, लेकीला बघून येऊ द्या, तुम्ही वर शेकोटीच्या खोलीत बसा.

निवृत्त_मास्तर

ताई, स्पष्ट लिहितो, राग मानू नका. जन्मभर शाळेत मुलांना व्यसनापासून लांब राहा म्हणून सांगितलं. पगाराच्या दिवशी जुनी मिल सुटायच्या वेळेला बायका लेकरं कडेवर घेऊन गेटवर उभ्या राहायच्या, पैसे आधी घरी यावेत म्हणून, हे मी लहानपणी डोळ्यांनी बघितलंय. त्यामुळं दारू जिथं विकतात त्या जागेला वारसा म्हणायचं आणि पैसे देऊन बघायला जायचं, हे माझ्या मनाला पटत नाही, मग ती जागा साडेतीनशे वर्षं जुनी का असेना.

लंडनला जाताय तर प्रिमरोज हिलजवळ १०, किंग हेन्रीज रोड हे घर बघा. बाबासाहेब १९२१-२२ मध्ये तिथं राहून शिकत होते, २०१५ मध्ये महाराष्ट्र सरकारनं ते विकत घेतलं. आपल्या माणसानं तिथं आधी जावं असं मला वाटतं.

कडक_भाकरी

गुरुजी राग कसला, तुम्ही लिहिलंत ते मनाला लागलं. बँकेत असताना आमच्याकडं पण पगाराच्या दिवशी बायका येऊन विनवायच्या, साहेब ह्यांच्या हातात सगळे देऊ नका म्हणून, आणि आम्हाला काही करता यायचं नाही. किंग हेन्रीज रोडचं घर यादीत पहिल्या दिवशी सकाळीच ठेवलंय, ते ह्यांनीच सांगितलं होतं लेकीला. पबचं अजून ठरत नाही, म्हणून तर विचारते.

होटगीरोड_ते_हॉलबर्न

गुरुजी, तुम्ही जे गेटवर बघितलंत ना तेच लंडनच्या ह्या पबांच्या इतिहासात पानोपानी आहे, आणि मला वाटतं टूर करायची तर ह्याच्यासाठी करावी. तिकडं मजुरांना आठवड्याचा पगारच पबात बसून वाटायचे, मुकादम आणि पबवाला मिळालेले असायचे, पगार हातात पडेपर्यंत अर्धा काउंटरवरच गेलेला. शेवटी १८८३ मध्ये पार्लमेंटला वेगळा कायदा करावा लागला, पबात पगार वाटायला बंदी घालणारा. त्याच्याही आधी अठराव्या शतकात जिन नावाच्या दारूनं गरीब वस्त्यांची पार वाताहत केली होती, तेव्हा १७५१ मध्ये जिनच्या विक्रीवर निर्बंध आणणारा कायदा आला. ओल्ड बेली कोर्टाच्या समोर व्हायाडक्ट टॅव्हर्न आहे, १८६९ चा, रंगवलेल्या भिंती, आरसे, सोनेरी काम, डोळे दिपतात. गरिबाला घरी अंधार आणि ओल, म्हणून बाहेर महालासारखी जागा करून ठेवायची आणि तो आपोआप आत येतो, असा तो हिशोब होता. गाईडनं तिथं हे बोलून दाखवलं पाहिजे, नुसतं छताचं कौतुक करून पुढं जाणाऱ्याला मी तरी चांगला गाईड म्हणणार नाही.

भुईकोट

छान धागा. मी थोडी भर घालतो, कारण ताई किल्ला दाखवत फिरतात म्हणजे त्यांना हे आवडेल.

मे १८१८ मध्ये जनरल मन्रोनं आपला भुईकोट पेशव्यांकडून घेतला, ती फौज ज्या ईस्ट इंडिया कंपनीची तिचं हेड ऑफिस लंडनला लीडनहॉल स्ट्रीटवर होतं. ती इमारत १८६१ मध्ये पाडली, आता तिथं लॉइड्सची बाहेरून सगळे पाइप दिसणारी स्टीलची इमारत आहे. पण बाजूला लीडनहॉल मार्केट आहे, काचेच्या छताचं, १८८१ चं, आणि त्यात लॅम्ब टॅव्हर्न. वर जो लॅम्ब सांगितला तो वेगळा, हा वेगळा, गोंधळ करू नका. तुमच्या टूरमध्ये नसेल तर दुपारी आपलं आपण जावा, मार्केट नुसतं बघायला पण सुंदर आहे. कुणाच्या सहीनं आपल्याकडच्या किल्ल्यांवर तोफा लागल्या ते लोक ह्याच गल्ल्यांतून जेवायला जात होते, हे लक्षात ठेवून बघा.

पबात इंडिया पेल एल नावाची बिअर दिसेल. लंडनच्या पूर्वेला बो इथं हॉजसनची ब्रुअरी होती, गोदीच्या जवळ, आणि तो कंपनीच्या जहाजांच्या कप्तानांना लांब मुदतीच्या उधारीवर माल द्यायचा, म्हणून त्याची बिअर मुंबई-कलकत्त्याला सगळ्यात जास्त पोचली. आफ्रिकेला वळसा घालून चार-सहा महिने लागायचे, वाटेत आंबू नये म्हणून हॉप्स, म्हणजे बिअरला कडवटपणा आणणारी फुलं, जास्त घालायचे. बरेच गाईड सांगतात की हॉजसननंच ती शोधून काढली, ते खरं नाही, जास्त हॉप्सची बिअर आधीपासून होती, उधारीची सोय आणि गोदीशेजारची जागा हे त्याचं खरं भांडवल.

आणि वेळ असला तर वॉपिंगला नदीकाठी प्रॉस्पेक्ट ऑफ व्हिटबी बघा. त्या किनाऱ्यावर चाच्यांना फाशी द्यायचे. कॅप्टन किडला १७०१ मध्ये तिथंच दिलं, पहिल्यांदा दोर तुटला म्हणून परत चढवला. त्याच्या खटल्यात गाजलेलं जहाज त्यानं १६९८ मध्ये आपल्या मलबार किनाऱ्याजवळ पकडलं होतं, सुरतेला निघालेलं. पबच्या मागच्या गॅलरीतून खाली नदी दिसते, तिथं आठवण म्हणून फास टांगलाय. भरती-ओहोटीप्रमाणं पाणी वर-खाली होतं, ओहोटीला खालची वाळू उघडी पडते.

नवी_पेठ

गाईडबद्दल माझं मत सांगतो. 'पब वॉक' आणि 'पब क्रॉल' ह्यात जमीन-अस्मानाचा फरक आहे, बुकिंग नीट वाचा. मी युरोपातल्या एका शहरात हिस्टॉरिक म्हणून घेतलेली टूर, कंपनीचं नाव घेत नाही, त्यात प्रत्येक ठिकाणी फुकट शॉट, टी-शर्ट, आणि इतिहास म्हणाल तर "हा बार खूप जुना आहे" एवढंच. निम्म्या वाटेत मी आणि बायको निघून आलो. तर वर्णनात शॉट्स, गेम्स, पार्टी हे शब्द दिसले की समजून घ्या. चांगल्या टूरमध्ये ग्रुप लहान, पिण्याचे पैसे वेगळे, आणि दोन पबांच्या मधल्या रस्त्यावरच जास्त बोलतात, कारण आत गर्दीत ऐकूच येत नाही.

आणि गाईडला एक प्रश्न प्रत्येक ठिकाणी विचारा: पाटीवरचं साल जागेचं आहे की इमारतीचं? लंडनला ओल्ड मायटर म्हणून पब आहे, हॅटन गार्डनजवळ इतक्या बारीक बोळात की दोन माणसं समोरासमोर आली तर एकाला थांबावं लागतं. पाटी १५४६ ची, पण आत्ताची इमारत अठराव्या शतकातली. आत कोपऱ्यात चेरीच्या झाडाचं खोड जपून ठेवलंय आणि राणी पहिली एलिझाबेथ त्याच्याभोवती नाचली म्हणून सांगतात. खोड खरं, नाचाची गोष्ट ऐकीव. चेशायर चीजमध्ये पण इंग्रजीचा शब्दकोश करणारे डॉक्टर जॉन्सन इथं बसायचे म्हणून खुर्ची दाखवतील, त्यांचं घर मागच्या गल्लीत गफ स्क्वेअरला आहे हे पक्कं, पण ते इथं येत होते ह्याची त्या काळातली लेखी नोंद नाही. जो गाईड दोन्ही वेगवेगळं करून सांगतो त्याच्या मागं डोळे झाकून जावा.

जुळे_सोलापूर

लंडनला जायला सगळ्यांना जमत नाही, पण असंच काही बघायचं असलं तर मुंबईत कुलाब्याला एका संध्याकाळी होतं. लिओपोल्ड १८७१ चं, मोंडेगर १९३२ चं, भिंतींवर मारिओ मिरांडांची चित्रं आहेत, ती बघत एक तास सहज जातो, आणि ताजमधला हार्बर बार १९३३ चा, शहरातला पहिला लायसन्सवाला बार. रात्री सिद्धेश्वर एक्स्प्रेसनं निघून सकाळी मुंबई. पण तिथं महाराष्ट्राचे नियम, बिअरला २१ आणि कडक दारूला २५ वर्षं वय आणि पिण्याचा परवाना लागतो, पोरांनी लक्षात ठेवा.

चंद्रभागेतीरी

माउली, मी स्वतः माळकरी आहे आणि मुलाबरोबर अशा टूरला जाऊन आलोय, म्हणून तुमच्या मालकांसाठी लिहितो, त्यांना वाचून दाखवा.

मला पण आधी नको वाटत होतं. मुलगा म्हणाला बाबा पहिल्या पबात फक्त दारात उभं राहा, वास सहन झाला नाही तर परत जाऊ. वास असतो, नाही म्हणत नाही, पण २००७ पासून तिकडं पबात सिगरेट बंद आहे त्यामुळं नुसता आंबूस वास येतो, धूर नाही. मी सगळीकडं पाणी आणि एका ठिकाणी संत्र्याचा ज्यूस घेतला. बाटलीबंद घ्यायचं आणि ग्लास नको म्हणून सांगायचं, बाटलीतूनच प्यायचं, म्हणजे मनात शंका राहत नाही. गाईडला सुरुवातीलाच सांगितलं होतं की मी पीत नाही, तो म्हणाला ठीक आहे, आणि पुढं सगळ्या ग्रुपमध्ये त्याला सगळ्यात जास्त प्रश्न मीच विचारले.

मला सगळ्यात आवडला तो ब्लॅकफ्रायर. ती जागा मुळात साधूंच्या मठाची, काळ्या झग्याचे साधू म्हणून ते नाव. आत सगळ्या भिंती संगमरवराच्या, आणि त्यावर तांब्याच्या पत्र्यात उठवलेले साधू, कुणी फळं तोडतोय, कुणी मासे धरतोय, कुणी गातोय. १९०५ च्या सुमाराचं काम आहे. मधेमधे छोटी वचनं कोरलीत, एक 'हेस्ट इज स्लो', घाई केली की उशीरच होतो, आणि एक 'विस्डम इज रेअर'. १९६० नंतर तो पब पाडायला निघाले होते, लोकांनी चळवळ करून वाचवला. मी तिथं बाकीच्यांचे ग्लास संपेपर्यंत एकेक साधू बघत होतो. मठाच्या जागेवर दारूचं दुकान झालं ह्याचं वाईटही वाटलं, खोटं कशाला बोलू.

खाण्याचं मात्र जपा. चिप्स बिनधास्त घेऊ नका, बऱ्याच पबांत मासे तळलेल्या तेलातच बटाटे तळतात, काही ठिकाणी तर गोमांसाच्या चरबीत. तळण वेगळं आहे का विचारायचं, ते खरं सांगतात. सगळ्यात बरं म्हणजे घरून जेवून निघा. आणि लेक शाकाहारी असून बिअर घेत असेल तर तिलाही सांगा, पंपानं ओढून देतात ती जुन्या पद्धतीची एल गाळायला माशाच्या पिशवीपासून केलेला पदार्थ वापरायची पद्धत आहे, आता बऱ्याच ब्रुअरींनी सोडलीय पण सगळ्यांनी नाही.

हरिपाठाची काळजी करू नका. जूनमध्ये लंडनला सूर्य सव्वानऊच्या सुमाराला मावळतो. मी साडेसहाला हरिपाठ करून निघालो, टूर संपली तरी उजेड होता.

कडक_भाकरी

चंद्रभागेतीरी माउली, तुमचं ह्यांना वाचून दाखवलं. दोनदा वाचायला लावलं त्यांनी. साधूंचा पब कुठल्या स्टेशनला आहे विचारतायत. बाटलीतूनच पाणी प्यायचं हे त्यांना एकदम पटलं. येतो म्हणालेत, फक्त पहिल्या ठिकाणी दारात उभं राहून बघणार आणि जमलं नाही तर लेक त्यांना बसनं घरी सोडणार, असं ठरलंय.

गुरुजी, तुमची गेटवरची गोष्ट पण ह्यांना सांगितली, १८८३ च्या कायद्याबद्दल मी गाईडला नक्की विचारणार आणि आल्यावर इथं लिहिणार.

आता एक शेवटचं. लेकीनं बुकिंग शनिवारचं केलंय. चालेल ना?

होटगीरोड_ते_हॉलबर्न

ब्लॅकफ्रायर्स स्टेशनलाच आहे काकू, बाहेर आलं की रस्त्यापलीकडं निमुळत्या टोकाची इमारत दिसते तीच.

शनिवार बदलून घ्या जमलं तर. तो सगळा भाग ऑफिसांचा, शनिवार-रविवारी रस्ते मोकळे आणि बरेच जुने पब बंद असतात, ओल्ड मायटर तर शनिवार-रविवार उघडतच नाही. मग गाईड दुसरीकडचे चालू पब दाखवून वेळ भागवतो. गुरुवार-शुक्रवारी उलटं, ऑफिस सुटल्यावर इतकी गर्दी की लोक ग्लास घेऊन फुटपाथवर उभे, बसायला जागा नाही, तुमच्या गुडघ्याला ते नको. सोमवार ते बुधवारमधला दिवस घ्या. आणि लेकीला सांगा की गाईडला आधीच मेल करून ठेव, एक ज्येष्ठ जण पीत नाहीत आणि एकीला प्रत्येक ठिकाणी बसायला लागेल, म्हणजे तो पबवाल्याला सांगून दोन खुर्च्या धरून ठेवतो.

कडक_भाकरी

मंगळवारचं मिळालं. मेल पण केलाय लेकीनं. ब्लॅकफ्रायर यादीत नव्हता, तो गाईड येतो म्हणालाय तिथपर्यंत.